मी ऐकलेला वऱ्हाडमाळ

मी एक माईक बोलतोय. काळा, लांबट, हातभर नळीसारखा. वाऱ्याची फुरफुर आत शिरू नये म्हणून माझ्या अंगावर करड्या केसांची टोपी चढवतात. त्यामुळं बीड जिल्ह्यात मला खऱ्या नावानं ओळखणारे थोडेच. कुणी मांजर म्हणतं, कुणी मुंगूस. पाटोद्याच्या बाजारात एका आजीनं लांबूनच विचारलं होतं, "चावत न्हाई नव्हं?"

मी चावत नाही. मी ऐकतो. आणि चांगलं ऐकतो, हे सांगायला मला लाज वाटत नाही.

माझा जन्म कुठल्याशा दूरच्या कारखान्यात झाला. तिथली भाषा मला आता आठवत नाही. हातमोजे घातलेल्या कुणीतरी माझ्यासमोर चुटकी वाजवली, एवढंच आठवतं. मग काळ्या स्पंजात झोपून मी प्रवास केला आणि डोळे उघडावेत तसे कान उघडले ते थेट बीडमध्ये, बसस्टँडामागच्या सतीशच्या दुकानात. सतीश लग्नाचं शूटिंग करायचा.

त्या दिवसांत मी माणसं शिकलो. माईक समोर धरला की माणूस आधी घसा खाकरतो, मग डोक्यावरची टोपी नीट करतो आणि नेमकं सांगायचं तेच विसरतो. माईक बाजूला गेला की मात्र खरं बोलायला लागतो. मंगलाष्टका, रुसवे, जेवणाच्या पंगतीतला आग्रह, नवरीच्या आईचं आतल्या खोलीतलं हुंदकणं, सगळं माझ्या कानावरून गेलं. हलगी तर पोटभर ऐकली. पण पुढं सतीशनं ड्रोन घेतला. लग्नाच्या व्हिडिओवर सगळीकडं सिनेमातली गाणी चढायला लागली. मग माझं काम काय? वाळलेले हार आणि मोडकी स्टँडं होती त्या खणात मीही जाऊन पडलो. कुणी वाईट वागलं असं नाही. विसरले, इतकंच.

त्या खणातून मला बाहेर काढलं आम्रपालीनं.

ती पालीच्या ज्ञानोबा गुरुजींची मुलगी. सिनेमाचं शिक्षण घेऊन परत आली होती आणि सतीशकडं एडिटिंग करायची. तिनं माझ्यावरची धूळ फुंकली, मला वायर जोडली, कानाला हेडफोन लावले आणि तिथंच ओरडली, "सतीशदादा, ह्याला तर मुंगी चाललेली ऐकू येतीय!"

"ने मग," सतीश म्हणाला. "माझ्याकडं पडूनच हाय."

असा मी तिचा झालो.

आम्रपालीला माहितीपट करायचे होते, आणि तेही असल्या गोष्टींवर की ज्या गावोगाव सांगितल्या जातात पण कुणाला उलगडत नाहीत. पहिला तिनं आपल्याच गावात केला. बिंदुसरेच्या धरणात भर दुपारी घंटा वाजते, असं तिथले मासेमारी करणारे सांगायचे. दुसरा कडा गावाच्या बाजूला एका चिंचेचा. त्या झाडाखाली कुणी स्वतःचं नाव उच्चारत नाही. उच्चारलं तर झाड ते ठेवून घेतं म्हणे. तिथं आम्ही गेलो, तर एक म्हातारबा स्वतःची ओळख करून देण्यासाठी उठून उन्हात गेले, नाव सांगितलं आणि परत सावलीत येऊन बसले. आम्रपाली हसली नाही. तिचं हेच मला आवडायचं. ती कधी "हे खरं आहे का?" असं विचारत नसे. ती विचारायची, "तुम्हाला हे कुणी सांगितलं?" मग माणसं खुलायची. आजीचं, मामाचं, मेलेल्या मैत्रिणीचं नाव निघायचं, आणि गोष्टीमागं आख्खं माणूस उभं राहायचं.

तिचे माहितीपट लोकांनी मोबाइलवर खूप पाहिले. फक्त तिच्या घरात ते कुणी पाहत नसे.

"आपल्या भिंतीवर बावीस प्रतिज्ञा लावल्यात," ज्ञानोबा गुरुजी म्हणायचे. "आपल्या आज्यांनी देव सोडले, भुतं सोडली, गावकीची कामं सोडली. आणि तू पुन्हा तेच शोधत फिरतीस? कशासाठी शिकवलं तुला?"

"मी भूत आहे असं कुठं म्हणते, अण्णा? लोक सांगतात ते ऐकते."

"ऐकण्यासारखं काय आहे त्यात?"

याचं उत्तर आम्रपाली त्यांना देत नसे. पण रागावून घर सोडावं असंही ती कधी वागली नाही. सकाळी त्यांना चहा करून द्यायची, मला पिशवीत घालायची आणि निघायची.

पाटोदा तालुक्यात डोंगराला लागून एक गाव आहे. गुरुजींची थोरली बहीण, पारूबाई, त्या गावात दिलेली. गावापेक्षा तिथल्या माळाचं नाव मोठं: वऱ्हाडमाळ. काळ्या उभ्या दगडांचा एक घोळका तिथं आहे, जणू माणसं दाटीवाटीनं चाललीत. आणि त्यांच्यापासून बाजूला, उंचवट्यावर, एकटाच एक दगड. त्याला हलग्या म्हणतात. उन्हाळ्यात, दुपार कलली की, कधी कधी त्या माळातून हलगीचा आवाज येतो.

ही गोष्ट आम्हाला नीट सांगितली राधाकिशनरावांनी. ते पूर्वी पंचायत समितीचे सभापती होते. गावात मोठी जमीन, मोठा शब्द. माणूस अगत्याचा. अंगणात बाज टाकली, चहा दिला, मला पाहून म्हणाले, "ह्या मुंगसाला काय खायला देता?" आणि मग सांगायला बसले.

"लई जुनी गोष्ट हाय, ताई. एक वऱ्हाड चाललं होतं. वाटंत देवीचं ठाणं लागलं. सगळे वाकले. हलगीवाला मातर वाकला न्हाई, वाजवीतच राहिला. देवीला आला राग. सगळं वऱ्हाड दगड केलं. एकाच्या पायी समद्यांचं वाटोळं! म्हणून तो बाजूला उभा हाय. म्हणून जत्रेला आमी त्याला खडा देतो."

"खडा देता म्हणजे?"

"मारतो. आमच्या घरचा पयला मान. मग सगळं गाव."

तो हलगीवाला कुणाच्या पूर्वजांपैकी होता, हे गावात प्रत्येकाला ठाऊक होतं. तोंडानं कुणी म्हणत नसे. आम्रपालीनं मान हलवली, पुढचा प्रश्न विचारला. तिचा आवाज तसाच शांत होता, पण मला धरलेली तिची मूठ घट्ट झाली. ती मला कळली.

जत्रेच्या दिवशी तिनं मला हलग्याच्या पायथ्याशी, छोट्या स्टँडवर उभं केलं. लोक आले. हसत होते, पोरांना खांद्यावर घेऊन होते, कुणाच्या मनात वैर नव्हतं. खडे मात्र येत होते. टक. टक. टक. दगडावर आपटून खाली पडत होते. एक खडा थेट माझ्यावर आला. जाळीला पोचा गेला आणि माझ्या कानात एवढा मोठा आवाज झाला की क्षणभर सगळं बंद. तोवर मी खडे ऐकत होतो. तो एक खडा मला लागला, आणि खडा लागणं म्हणजे काय ते मला कळलं. आम्रपाली धावत आली. तिनं मला उचलून पोटाशी धरलं.

जत्रा उठली तरी आम्ही राहिलो. पारूबाईच्या घरी मुक्काम, दुपारी माळ. आम्रपाली मला दगडांच्या घोळक्यात ठेवायची आणि छत्रीखाली हेडफोन लावून बसायची. चंडोल ऐकले. शेळ्यांच्या घंटा ऐकल्या. वारा तर रोजचाच. आवाज काही येत नव्हता. दुसरी कुणी असती तर कंटाळली असती, किंवा खोटा आवाज घालून मोकळी झाली असती. ती रोज यायची आणि परत जाताना माझ्या टोपीवरची कुसळं निवडायची.

मग एका दुपारी तो आला.

मी ऐकलं ते जसंच्या तसं सांगतो. आधी जमिनीतून एक ठोका. मग थांबून दोन. मग लागोपाठ, लयीत, लांबून कुणी चालत येतंय तसा. मी लग्नांमधली हलगी ऐकलेली आहे. चामड्याचा आवाज मला ओळखता येतो. हा चामड्याचा नव्हता. पण ऐकणाऱ्याला हलगी वाटावी असाच होता. आम्रपाली जागची हलली नाही. आवाज थांबल्यावर तिनं हेडफोन काढले, तेव्हा तिच्या अंगावर काटा होता आणि चेहऱ्यावर हसू.

तिनं तो आवाज भूगोलाच्या एका प्राध्यापकांना ऐकवला. ते म्हणाले, "तापलेला खडक निवताना तडकतो, खाली पोकळी असेल तर घुमतो. तसं असू शकेल." "मग रोज का येत नाही, सर?" "ते मला सांगता येणार नाही," असं त्यांनी सरळ सांगितलं. तिनं त्यांचं हे बोलणंही माहितीपटात घेतलं.

आता राहिली पारूबाई. तिचं आख्खं आयुष्य त्या गावात गेलं, पण माळावर तिनं कधी पाय ठेवला नव्हता. विहाराजवळच्या तिच्या वस्तीतलं कुणीच तिकडं जात नसे. त्या दिवशी ती ओट्यावर चिंचा फोडत बसली होती. गुरुजी बहिणीला भेटायला आले होते. ते आत पेपर वाचत होते. आम्रपालीनं आत्याच्या कानाला हेडफोन लावले.

पारूबाईचा हात चिंचेवरच थांबला.

"बंद कर गं ते," ती म्हणाली. आणि लगेच, "न्हाई, ऱ्हाऊ दे. पुन्यांदा लाव."

दुसऱ्यांदा ऐकून झाल्यावर तिनं डोळे पुसले. "माझ्या सासऱ्यानं सांगितलतं. तसंच वाजतंय."

"काय सांगितलतं, आत्या?"

गुरुजी बाहेर आले. "अक्का, राहू दे ना. हलगी आपण सोडली. आता तिच्या गोष्टी कशाला पुन्हा? जगापुढं काय दाखवायचं, आपण वाजवणारे होतो?"

पारूबाईनं भावाकडं पाहिलं. "सोडली ना. माझ्या सासऱ्यानं स्वतःच्या हातानं सोडली, दीक्षा घेतल्यावर. ती काय आता गळ्यात घालायची न्हाई. पर म्हणून सालोसाल दगडं खायची व्हय रं, ज्ञानोबा?"

गुरुजी ओट्याच्या कडेला बसले. आम्रपालीनं मला हळूच आत्याजवळ सरकवलं आणि पारूबाई सांगू लागली.

"वऱ्हाड चाललं हुतं. भर उन्हाचं. आन वावटळ उठली बघ, काळीकुट्ट. धुरळ्यात हाताला हात दिसंना. फुडं दरी. हलगीवाला म्होरं चाललेला, त्याला कळलं. तो चढला उंचवट्यावर आन वाजवाया लागला. हिकडं या, आवाजाकडं या. ज्यांनी ऐकलं ते त्याच्याकडं आले, वाचले. त्यांचीच लेकरं आपण समदी, त्यांची बी आन आपली बी. बाकीचे म्हणले, ह्याच्या मागं आमी जावं व्हय? ते आपल्या गुर्मीत गेले, ते दगड झाले. तो बी झाला, पर वाजवीत वाजवीत झाला. आजून वाजवतोय. कुणी मागं ऱ्हायलं आसंल म्हून."

तिचं सांगून झालं. एक चिंच टोपलीत पडली, तेवढाच आवाज झाला.

माहितीपट तयार झाला. तो आधी त्याच गावात दाखवायचा, हे आम्रपालीनं ठरवलंच होतं. राधाकिशनरावांनी शाळेचं मैदान मिळवून देतो म्हणून शब्द दिला होता. पण आधी एकदा पाहतो म्हणाले. त्यांच्या अंगणात लॅपटॉपवर त्यांनी तो पाहिला. मी पिशवीत होतो, पिशवीचं तोंड उघडं होतं.

"चांगला केलाय," ते म्हणाले. "फकस्त ती म्हातारीची गोष्ट काढून टाका."

"का बरं, काका?"

"माळाला तीर्थक्षेत्राचा दर्जा मिळवायचं चाललंय. त्यात हे मधीच. गुर्मीत गेले म्हणं! गावात शांतता हाय, ती ऱ्हाऊ द्या ना."

"काका, तुमचा एक शब्दसुद्धा कापलेला नाही. आत्याचाही नाही कापणार."

"मग मैदान न्हाई मिळायचं."

"चालेल," आम्रपाली म्हणाली. "विहारासमोर पडदा बांधते. तुम्ही मात्र या. तुमची गोष्ट तुम्ही फार सुंदर सांगितलीय, ती तुम्ही लोकांबरोबर बसून पाहायला पाहिजे."

तिचा आवाज जरा म्हणून कापला नाही. तिला भीती वाटत नव्हती असं नाही. पण आपण काय करतोय ते तिला पक्कं ठाऊक होतं. राधाकिशनरावांनी लॅपटॉप मिटून तिच्याकडं सरकवला. त्यांना अशा उत्तराची सवय नव्हती.

दिवेलागणीला विहारासमोर सतरंज्या पडल्या. सतीश बीडहून प्रोजेक्टर घेऊन आला. वस्ती सगळी आलीच, पण हळूहळू गावातलेही आले. आधी कडेला उभे राहिले, मग बसले. राधाकिशनराव आले आणि सगळ्यात मागं, गाडीला टेकून उभे राहिले. त्यांची आई छबुबाई मात्र काठी टेकत थेट पुढं आली आणि पारूबाईला म्हणाली, "सरक गं जरा." दोघी म्हाताऱ्या एका सतरंजीवर बसल्या.

पडद्यावर राधाकिशनरावांची गोष्ट आली तेव्हा लोकांनी माना डोलावल्या. खडे मारण्याचं दृश्य आलं तेव्हा आवाज मोठा ठेवला होता. टक. टक. टक. मी टिपलेला. तो ऐकताना लोक चुळबुळले. आपण मारलेला खडा असा ऐकू येतो, हे त्यांना कुठं माहीत होतं? मग प्राध्यापक, मग पारूबाई. आणि शेवटी नुसता माळ आणि तो आवाज, त्यावर एकही शब्द नाही.

संपल्यावर टाळ्या झाल्या नाहीत. छबुबाई बाजूला वळली. मी आम्रपालीच्या हातात, त्यांच्या शेजारीच होतो.

"पारू, सारा जलम एका गावात काढला आपण. कधी सांगितलं न्हाईस ते?"

"इचारलं कुणी?" पारूबाई म्हणाली.

छबुबाईनं तिचा हात धरला. कितीतरी वेळ सोडला नाही.

गुरुजीही आले होते. ते खांबाआड उभे होते. माणसं पांगल्यावर ते पुढं आले, मुलीच्या हातातली वायर घेतली आणि गुंडाळून द्यायला लागले. चुकीचीच गुंडाळत होते. आम्रपालीनं त्यांना तसंच गुंडाळू दिलं.

पुढच्या जत्रेला आम्ही पुन्हा माळावर होतो. या वेळी मी अंमळ लांब उभा होतो. पारूबाई आली होती, जन्मात पहिल्यांदा. गुरुजींनी तिला धरून चढवलं. राधाकिशनराव मानाचा पहिला खडा घेऊन उभे राहिले. गाव थांबलं.

"ठिव तो खाली," छबुबाई म्हणाली.

"आई, रीत हाय."

"वाट दावणाऱ्याला मारायची कसली रे रीत? मी मेल्यावर काय करायचं ते कर. माझ्यादेखत न्हाई."

राधाकिशनरावांनी आईकडं पाहिलं, मग दगडाकडं, मग सगळ्या लोकांकडं. खडा पडल्याचा आवाज मला ऐकू आला नाही. त्यांनी तो खिशात टाकला होता. मग ते उतारानं खाली गेले.

सगळं गाव बदललं असं मी सांगणार नाही. मी जे ऐकतो तेच सांगतो. त्यांच्यामागून काहींनी खडे मारलेच. पण मोजके. बरेच जण आले, हातातला खडा दगडापाशी नुसता ठेवून गेले. काही तर खडा न घेताच आले. पारूबाई हलग्यापाशी गेली, तळवा त्याच्यावर टेकवला आणि म्हणाली, "लई तापलाय गं." बस, एवढंच.

आता माझं वय झालंय. माझी वायर अधूनमधून खरखरते. आम्रपालीकडं सदऱ्याला चिमट्यासारखे लावायचे नवे बारके माईक आलेत, बिनवायरचे, चपळ. परळीकडच्या नव्या कामाला ती त्यांनाच घेऊन गेली होती. मला वाईट वाटलं नाही. माझं काम मी नीट केलंय, आणि ज्याचं काम नीट झालंय त्याला कपाटातही झोप लागते.

तरी माझी एक विनंती आहे. तुमच्या घरात, गल्लीत, वस्तीत कुणीतरी गप्प बसलेलं असेल. त्याच्याजवळ गोष्ट नाही असं समजू नका. जवळ जाऊन बसा आणि विचारा. तो लगेच बोलणार नाही, थोडं थांबा.

मी हे बोलतोय ते पालीच्या घरातून. आज सकाळी गुरुजींनी स्वतः मला कपाटातून काढलं, फडक्यानं पुसलं आणि टेबलावर पुस्तकांच्या आधारानं उभं केलं. आम्रपाली समोर खुर्ची घेऊन बसलीय. गुरुजींनी घसा खाकरला, सदऱ्याची गुंडी लावली. आता विसरतील की काय, असं मला वाटलं.

"चालू आहे का हे?" त्यांनी विचारलं.

"चालू आहे, अण्णा."

"माझ्या आजोबांनी हलगी नदीत सोडली, त्या दिवसाचं सांगायचंय. मी कुणाला सांगितलेलं नाही. तुलाही नाही."

तेव्हा मला आता थांबलं पाहिजे. ते बोलू लागलेत.